चालतंय की!

कोल्हापुरात बऱ्याचशा प्रश्नांना एकच उत्तर आहे. जेवायला चार माणसं जास्त आली तर? चालतंय की. रिक्षात पाचवा बसू दे? चालतंय की. लग्नपत्रिकेत नवरदेवाच्या मामाचं नाव चुकलंय, तशीच वाटू? चालतंय की. त्या 'की'मध्ये 'काळजी नको', 'मला ठाऊक नाही' आणि 'पुढचं पुढं बघू' हे तिन्ही अर्थ सुखानं नांदतात. अशा या गावात, आमच्याच गल्लीत, 'चालत नाही' असं तोंडावर सांगणारा एक माणूस राहतो. तो बोलतो ते व्हिडिओ गेमबद्दल, आणि दुर्दैवानं ते दर वेळी खरं निघतं.

त्याचं खरं नाव सिटी सर्व्हे ऑफिसच्या हजेरीपटावर असेल. गल्लीत त्याला हेळवी म्हणतात. हे नाव माझ्या आत्यानं दिलं. तिच्या लहानपणी गावात हेळवी यायचा. बैलावर बसून, बगलेत वह्या घेऊन. दारात बसून घराण्याच्या पिढ्या वाचायचा. पणजोबाला पोरं किती, त्यातला कोण दत्तक गेला, कोण घर सोडून गेला तो परत आलाच नाही, सगळं. वाचून झालं की सूपभर जोंधळे घ्यायचा आणि पुढच्या दारात. आत्यानं एकदा या माणसाला आमच्या सोप्यात माझ्या भाच्याच्या डिस्का चाळताना ऐकलं. "हा फोरचा. हा थ्रीचा, ह्याला फोर दारात उभं करत नाही. हा फोरचा, पण फाइव्ह संभाळून घेतोय." आत्या म्हणाली, "अगं बाई, हेळवी आला वाटतं." बैल तेवढा नव्हता. ॲक्टिव्हा होती.

त्या दिवशी तो आला होता तो माझ्या मूर्खपणामुळं. भाच्याकडं सोनीचं प्लेस्टेशन फोर, म्हणजे पीएस फोर होतं, आणि त्याला फुटबॉलचा गेम हवा होता. कोल्हापूरच्या पोराला फुटबॉल हवा असण्यात नवल काही नाही. शाहू स्टेडियमवर तालमींचे सामने लागले की पेठांमध्ये तिन्हीसांजेला दिवा लावायलासुद्धा गडीमाणूस सापडत नाही. मी दुकानात जाऊन 'ईए स्पोर्ट्स एफसी २४' मागितला. पूर्वी यालाच फिफा म्हणत. २०२३ साली त्याचं नव्यानं बारसं झालं. "पोराकडं पीएस फोर आहे, हा चालतो ना?" असं मी विचारलं. दुकानदार म्हणाला, "चालतंय की. नेट लावा, अपडेट मारा, कसं पळतंय बघा."

मशीननं डिस्क तोंडात घेतली, जराशी घोळवली आणि ओळखच दाखवली नाही. आम्ही नेट लावलं. अपडेट मारलं. मशीन बंद करून चालू केलं. डिस्क बनियनला पुसली. शेवटी भाचा रडकुंडीला आला तेव्हा मी हेळव्याला बोलावलं.

त्यानं डिस्क पाहिलीच नाही. चप्पल काढता काढता उंबऱ्यातूनच त्याची नजर टेबलावरच्या खोक्यावर गेली आणि तो म्हणाला, "पांढरी पट्टी."

"म्हणजे?"

"खोका निळा आणि वर पट्टी पांढरी, म्हणजे पीएस फाइव्ह. फोरची पट्टीबी निळीच असते. दहा फुटांवरनं दिसतंय. तुम्ही काय बघत होता?"

मी खोक्यावरचा फुटबॉलपटू हालांड बघत होतो. गिऱ्हाइकानं खोक्यावरचा हालांड बघावा यासाठीच तो तिथं छापलेला असतो, हे माझं म्हणणं हेळव्याला पटलं नाही.

"आजोबाचं धोतर नातवाला नेसता येतंय," तो बसत म्हणाला, "नातवाची जीन पँट आजोबाला चढत नाही. फोरची डिस्क फाइव्हला चालते. फाइव्हची फोरला चालत नाही."

"एवढंच ना? सोपं आहे की," मी म्हणालो. हे मी म्हणायला नको होतं. त्यानं चहाचा कप बाजूला सारला.

"सोपं? नातवाला तोंडच नसलं तर? फाइव्हमध्ये एक डिजिटल एडिशन आहे, त्याला डिस्क घालायची फटच नाही. मग धोतर नेसवता कुठनं? बरं, फोर हा थ्रीचा पोरगा. तो बापाला ओळखतो का? नाही. थ्रीमध्ये सेल नावाची चिप होती, तिची भाषा पुढं घरात कुणी शिकलंच नाही. त्यामुळं थ्रीची डिस्क फोरला परकी, फाइव्हला परकी. आणि थ्री स्वतः? पहिली पहिली जी मशिनं आली ती टूच्या डिस्का खायची. मग खर्च वाचवायला कंपनीनं ते काढून टाकलं. आता जुनं थ्री विकत घेताना कसं ओळखायचं?"

आम्ही गप्प.

"यूएसबीची भोकं मोजायची. चार असली तर पुढं बोलायचं. दोन असली तर चहा पिऊन घरी जायचं."

भाचा हे सगळं तोंड उघडं टाकून ऐकत होता. गेमचं दुःख तो विसरला होता. मी मात्र पुढच्या खेपेपासून दुकानात जाताना हेळव्याला ॲक्टिव्हावर मागं बसवून नेऊ लागलो, आणि तिथं मला या माणसाचं खरं रूप दिसलं.

इतर लोक गेमचा खोका पुढून बघतात. हेळवी कण्यावरून बघतो, मग पाठीवरून, मग उघडून डिस्क उताणी करतो. "पोट बघायचं," तो सांगतो. पहिल्या प्लेस्टेशनच्या अस्सल डिस्कचं पोट काळंभोर. टूच्या सीडीचं निळं. टूच्या डीव्हीडीचं चंदेरी, आणि तिथून पुढं पोटावर भरवसा नाही, नंबर वाचायचा. हा नंबर म्हणजे त्याचा जीव की प्राण. फोरच्या डिस्कवर सीयूएसए, फाइव्हवर पीपीएसए, थ्रीवर युरोपचा माल असेल तर बहुतेक बीएलईएस. त्याला तो गट नंबर म्हणतो. बोलताना ऑफिस त्याच्या जिभेवर असतंच. ज्या गेमला जुन्यावरून नव्यात फुकट जाता येतं त्याची 'वारसानं नोंद' झालेली असते. ज्याला वर पैसे मोजावे लागतात त्याचं 'खरेदीखत' करावं लागतं. २०१६ साली फोर आणि फाइव्हच्या मध्ये जो फोर प्रो आला तो त्याच्या लेखी स्वतंत्र पिढी नव्हेच, पोटहिस्सा. आणि खोक्यावर कोपऱ्यात व्हीआरचा चष्मा लागेल असं बारीक अक्षरांत लिहिलेलं असलं की तो माझ्या हातातून खोका काढून घेतो आणि हळू आवाजात म्हणतो, "इतर हक्कात बोजा आहे. नको."

नावांमधल्या आकड्यांनी त्याला फार त्रास दिला आहे. दुकानात कोणीतरी पालक येऊन "फाइव्ह द्या" म्हणतो. कुठला फाइव्ह? जीटीए फाइव्ह. तो पीएस फाइव्हलाच चालत असणार, नाव जुळतंय. हेळवी तिथं असला तर दुकानदाराचं गिऱ्हाईक अर्धा तास अडकलंच म्हणून समजा. फाइव्ह पहिल्यांदा आला थ्रीवर, २०१३ साली. मग २०१४ मध्ये फोरवर. मग २०२२ मध्ये फाइव्हवर. फाइव्हला फाइव्हवर यायला नऊ वर्षं लागली. तीन पिढ्या, उतारा एकच. "आणि फोटोवरनं ओळखायचं असंल," तो त्या हैराण गृहस्थाला सांगतो, "तर त्या माणसाच्या डोळ्यातनं रस्ता दिसतोय का बघा. तसं खेळता येत असलं तर तो थ्रीचा नव्हे. ती सोय फोरपासनं आली." गृहस्थ मान डोलावतो. त्याला फक्त मुलाच्या वाढदिवसाला काहीतरी हवं असतं, आणि केक घ्यायचा राहिलेला असतो.

सोनीनं निदान एक, दोन, तीन, चार, पाच असं मोजलं. एक्सबॉक्सचा विषय काढला की हेळव्याचा रक्तदाब वाढतो. "पहिल्याचं नाव एक्सबॉक्स. सन २००१. ठीक. २००५ ला दुसरा आला, त्याचं नाव तीनशे साठ. मधले तीनशे अठ्ठावन्न गेले कुठं? बरं, पुढं तीनशे एकसष्ट तरी असावा की नाही? २०१३ ला तिसरा आला, त्याचं नाव वन! मग त्या वनचा वन एस, त्याचा वन एक्स. मग २०२० ला चौथा आला त्याचं नाव सिरीज एक्स, आणि बारका सिरीज एस. म्हणजे म्हातारी आजी दुकानात गेली आणि 'एक्स द्या' म्हणाली तर तिनं काय आणलं?" एवढं बोलून तो थांबतो, कपाळ पुसतो. "आमच्या ऑफिसात कुणी अशी मोजणी केली असती तर निलंबन."

विषय निनटेंडोवर आला की मात्र तो हळवा होतो. २०१२ साली वी यू नावाचं मशीन आलं. आधीच्या वीचे दहा कोटींवर नग खपले होते. नव्याच्या नावापुढं नुसतं एक अक्षर जोडलं, आणि बऱ्याच लोकांना ते नवं मशीन आहे हेच कळलं नाही. वाटलं, जुन्या वीला जोडायची पाटी असेल. एक कोटी पस्तीस लाखांवर कारभार आटोपला. "पोरगं कर्तबगार होतं हो," हेळवी म्हणतो, "नाव ठेवताना आत्याबाई चुकली."

पाच वर्षांनी, २०१७ मध्ये, स्विच आलं, आणि ते आठव्या पिढीतलं की नवव्या, यावर त्याचा इंजिनिअरिंगच्या एका पोराशी खासबाग मैदानाच्या कट्ट्यावर दोन संध्याकाळ वाद चालला. पोरगा म्हणे आठवी, कारण ताकद तेवढीच. दुसऱ्या संध्याकाळी तोच म्हणे नववी, कारण पुढं झुंज नव्यांशीच झाली. तिसऱ्या संध्याकाळी हेळव्यानं निकाल दिला. "स्विच म्हणजे अधिक महिना. धरला तर दोन्हीकडं, नाही तर कुठंच नाही. जावयाला वाण द्या आणि गप्प बसा." मला हा निकाल अजूनही त्या विषयावरचा सर्वांत शहाणा वाटतो.

हे वेड त्याला लागलं कधी, ते मी एकदा विचारलं होतं. नव्वदच्या दशकातली गोष्ट. तेव्हा आपल्याकडं घराघरांत टीव्हीला जोडायची ती स्वस्त मशिनं होती, वरून कॅसेट खुपसायची. जपानच्या फॅमिकॉमच्या नकला त्या. पण आम्हाला जपान ठाऊक नव्हतं, फॅमिकॉम ठाऊक नव्हतं, कॅसेट चालली नाही तर तिच्यात फुंकर मारायची एवढंच ठाऊक होतं. हेळव्याचा एक मामा अमेरिकेहून आला, त्यानं भाच्यासाठी खास तिकडची अस्सल राखाडी कॅसेट आणली. सगळी गल्ली गोळा झाली. कॅसेट मशीनमध्ये शिरेना. केवढी तरी रुंद. मामा म्हणाला, जोर लाव. वडील म्हणाले, कानशी आण. कुणीतरी म्हणालं, चालतंय की, फुंकर मार. सगळ्यांनी आळीपाळीनं फुंकर मारली. त्या गर्दीत हे आठ-नऊ वर्षांचं पोरगं एका कोपऱ्यात दोन्ही कॅसेटी उलट्या धरून तांब्याचे दात मोजत होतं. आपल्या कॅसेटला साठ. मामाच्या कॅसेटला बहात्तर.

"बहात्तर दातांचा जबडा साठ दातांच्या तोंडात जातोय व्हय?" हेळवी मला म्हणाला. त्याच्या आवाजात इतक्या वर्षांनीही मामाविषयी राग नव्हता, वडिलांविषयी नव्हता. फुंकर मारणाऱ्यांविषयी होता.

आता, एवढं सगळं ठाऊक असलेला हा माणूस खेळतो कसा, असं कोणी विचारेल. तो खेळत नाही. माझ्या भाच्यानं एकदा आग्रहानं बसवला, तर सहा-शून्य हरला, आणि त्यातले दोन गोल त्यानं स्वतःच्याच जाळीत मारलेले. त्याच्या घरी पीएस टू आहे, वहिनींनी विणलेल्या क्रोशाच्या रुमालाखाली. त्यावर त्याच्याकडं २००९ साली आलेला हनुमानाचा गेम आहे, भारतात बनलेला; थ्री बाजारात येऊन दोन वर्षं उलटली तरी आपल्या मारुतीनं टूवरच जन्म घेतला, याचं त्याला अपार कौतुक. तो शनिवारी लावतो. खेळत नाही, लावतो.

भांडणं मात्र त्यानं सोडवली आहेत. मंगळवार पेठेतल्या एका गेम पार्लरमध्ये दोन तालमींची पोरं हातघाईवर आली होती. एकजण म्हणे मी 'फिफा १४'मध्ये तुला चार गोलांनी हरवलंय, दुसरा म्हणे तो 'फिफा १४' नव्हेच. एक टूवर तयार झालेला, दुसरा फोरवर. हेळव्याला मध्ये घातलं. त्यानं दोघांचं ऐकून घेतलं आणि सांगितलं की नाव एक, साल एक, गेम दोन. टूचं उत्पादन थांबल्यावर आलेला, त्या मशीनवरचा तो शेवटचा फिफा. फोरवरचा नव्या बांधणीचा. "कंपनी जुन्या मशीनला दरवर्षी तोच गेम द्यायची. फक्त खेळाडूंच्या बदल्या नव्या आणि जर्सी नवी. थ्रीला तर पुढं खोक्यावर 'लेगसी एडिशन' असं छापून द्यायला लागले. लेगसी म्हणजे वडिलोपार्जित."

"म्हणजे जर्सी नवी आणि खेळ तोच?" एका पोरानं विचारलं.

"तोच."

दोन्ही तालमींची पोरं एकमेकांकडं बघून हसली. गावातल्या कुठल्या तिसऱ्या संघाची आठवण झाली ते मी इथं लिहिणार नाही. मला या गावात राहायचं आहे.

क्रिकेटच्या बाबतीत त्याला सगळ्यात जास्त शिव्या बसतात. 'क्रिकेट ०७'चं पीएस थ्रीचं व्हर्जन कुठं मिळेल, हा प्रश्न त्याला महिन्याला एकदा तरी येतो. विचारणारा प्रत्येकजण शपथेवर सांगतो की त्यानं ते कोणाकडं तरी पाहिलं आहे. हेळवी शांतपणे सांगतो, ते जन्मलंच नाही. गेम आला २००६ च्या नोव्हेंबरात, थ्री आलं त्याच महिन्यात, पण गेम फक्त टूला आणि कॉम्प्युटरला. माणसं रागावतात. एकानं तर विचारलं, "तुम्ही कंपनीत आहात का?"

पण खरा घात झाला तो राजारामपुरीतल्या सत्यनारायणाला. त्या घरी नवं कोरं पीएस फाइव्ह आलं होतं, एकोणपन्नास हजार नऊशे नव्वदचं. पोरगा तीन महिने खेळत होता. बाप प्रत्येक पाहुण्याला टीव्हीसमोर उभा करून विचारायचा, "फरक दिसतोय का नाही?" पाहुणे म्हणायचे, "दिसतोय की. लईच." हेळवी प्रसाद घ्यायला वाकला होता. वाकलेल्या अवस्थेत त्याची नजर पडद्यावर गेली, आणि शिऱ्याचा घास तसाच हातात धरून तो म्हणाला, "हा तर फोरचा चाललाय."

मला कळलं ते असं. फाइव्हवर एकाच गेमच्या दोन्ही आवृत्त्या चालतात, आणि उतरवून घेताना बोट चुकलं की जुनी येते. गेमच्या चित्राखाली बारीक अक्षरांत फोर किंवा फाइव्ह लिहिलेलं असतं, ते कोण वाचतो? २०२० च्या नोव्हेंबरात नवं मशीन आलं तेव्हा 'कॉल ऑफ ड्यूटी'च्या 'कोल्ड वॉर'मध्ये परदेशातली शिकलीसवरलेली माणसंही हेच करून बसली होती. पण त्या बापाला परदेशाशी काय करायचंय? त्यानं तीन महिने गल्लीला फरक दाखवला होता, आणि गल्लीनं तो पाहिला होता. शिवाय पोराच्या गेममध्ये जुन्याची प्रगती नव्यात यायची नव्हती. पोराला पहिल्यापासून सुरुवात. पोथीचा पाचवा अध्याय नुकताच संपलेला आणि घरात रडारड.

तेव्हापासून हेळवी येतोय म्हटलं की लोक टीव्ही बंद करतात. एकानं तर मशीनवर टॉवेल टाकलेला मी पाहिला आहे. त्याला याचं वाईट वाटतं का, ते मला ठाऊक नाही. तो टॉवेलच्या आकाराकडं बघून म्हणाला, "स्लिम दिसतंय."

गेल्या वर्षी आमच्या गल्लीत एका वाढदिवसाला सगळी मंडळी जमली होती. घरचे जावई सिंगापूरला असतात. त्यांनी मुलासाठी तिकडून गेम आणला होता. खोका लाल, आतलं कार्डही लालचुटूक. हेळव्याचा चेहरा मी ओळखतो. स्विचचं कार्ड काळपट असतं. लाल म्हणजे स्विच टू, २०२५ च्या जूनमध्ये आलेलं. आणि त्या घरात टीव्हीशेजारी जुनं स्विच उभं होतं; त्याच्यावर टाकायला टॉवेल कुणाला सापडला नव्हता. सगळी खोली गप्प झाली. जावई ताठ बसले. मुलानं कार्ड हेळव्यापुढं धरलं आणि विचारलं, "काका, चालतंय न्हवं?"

हेळव्यानं कार्ड उलटसुलट केलं. मग, आम्हा सगळ्यांच्या देखत, ते जिभेला लावलं.

"कडू," तो म्हणाला. "अस्सल आहे."

मुलाला वाटलं चेष्टा आहे. हेळव्यानं कार्ड खिशातल्या रुमालाला पुसून त्याच्यापुढं धरलं. बारक्या पोरांनी गिळू नये म्हणून या कार्डांना मुद्दाम कडू औषध चोपडलेलं असतं. डिनॅटोनियम बेंझोएट, तो म्हणाला, अगदी 'ओम् केशवाय नमः' म्हणावं तसं. मुलानं जीभ लावली आणि असा चेहरा केला की बाकीची पोरं तुटून पडली. मला दे, मला दे. रांग लागली. हेळवी दर पोरामागं कार्ड रुमालाला पुसत होता. पोरं थुंकायला मोरीकडं पळत होती आणि परत रांगेत उभी राहत होती. मग मोठी माणसं आली. आत्यानं "मला नको बाई" म्हणत चाटलं. केक तसाच राहिला. मशीन कुठलं, कार्ड कुठलं, कुणी विचारलं नाही.

सगळ्यात शेवटी जावई उठले, बुशशर्ट नीट केला आणि पुढं आले. त्यांनी कार्ड चाटलं, डोळे मिटले, उघडले. हेळव्यानं त्यांच्या हातातून कार्ड परत घेतलं, पुसलं, खोक्यात ठेवलं, खोक्याचं झाकण टक् करून बंद केलं आणि त्यांच्या कानाशी तोंड नेऊन विचारलं,

"पावती ठेवलीय न्हवं?"